ओठांच्या फिलरनंतरची सूज: आठ महिन्यांचा माझा अनुभव

गेल्या दिवाळीत लक्ष्मीपूजनाच्या एकाही फोटोत माझं तोंड दिसत नाही. प्रत्येक फोटोत ओढणी तरी पुढे आहे, नाहीतर हात. धनत्रयोदशीच्या दुपारी मी ओठांत फिलर, म्हणजे ओठ भरण्यासाठी सुईनं आत सोडायचं जेल, घेतलं होतं आणि लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी वरचा ओठ नाकाला टेकतोय की काय असं वाटत होतं. "दोन दिवसांत सगळं नॉर्मल होईल" एवढंच मला सांगितलं होतं. सूज सगळ्यांत जास्त दिसते ती नेमकी दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी, हे कोणी सांगितलं नव्हतं.

आता आठ महिने झाले. या काळात दोनदा इंजेक्शन झालं. एकदा मध्येच, काहीही न करता ओठ सुजले. सूज उतरवण्यासाठी सांगितले जाणारे बहुतेक उपाय मी करून पाहिले. कशाचा उपयोग झाला आणि कशाचा नाही, ते सविस्तर लिहिते, कारण तेव्हा मला मराठीत असं काही वाचायला मिळालं नव्हतं.

आधी थोडं माझ्याबद्दल. मी नाशिकच्या इंदिरानगरमध्ये राहते, एका शाळेत दुसरीच्या वर्गाला शिकवते. नऊ वर्षांची असताना सायकलवरून पडले आणि वरच्या ओठाला डाव्या बाजूला टाके पडले. ती बाजू तेव्हापासून पातळ राहिली, हसले की ओठ एकीकडे ओढला जायचा. पंचवीस वर्षं मनात होतं ते दिवाळीच्या सुट्टीत करून घेतलं. जिथे पहिल्यांदा केलं त्या जागेचं नाव लिहीत नाही. एकदम १ मिली भरलं आणि हातात कागदाचा एक कपटाही न देता घरी पाठवलं.

मग नरक चतुर्दशीची पहाट आली. आमच्याकडे अभ्यंगस्नान म्हणजे अंगाला कोमट तेल, चेहऱ्याला उटणं, कढत पाणी आणि न्हाणीघरात कोंडलेली वाफ. मी सगळं केलं. नंतर अंगणात तासभर वाकून रांगोळी काढली. उठले तेव्हा ओठ ठणकत होते. पुढे कळलं की पहिले दोन दिवस गरम पाणी, वाफ, चेहऱ्याचं मर्दन, डोकं खाली राहील असं वाकणं आणि घाम निघेल असा व्यायाम हे सगळं टाळायचं असतं. उष्णतेनं रक्तवाहिन्या रुंदावतात, त्या भागात रक्त वाढतं आणि सूज चढते. मी एकाच पहाटे सगळं उलटं करून बसले होते. सूर्यनमस्कार घालणाऱ्यांनी, फरशी पुसायला वाकणाऱ्यांनीसुद्धा हे लक्षात ठेवावं.

सासूबाई घाबरल्या. "अगं, ओठात प्लास्टिक भरून घेतलंस का?" प्लास्टिक नाही, हे मी त्यांना नंतर शांतपणे समजावलं. माझ्या फिलरमध्ये हायलुरॉनिक अ‍ॅसिड आहे. ते आपल्या त्वचेत, सांध्यांत, डोळ्यांत मुळातच असतं. १९३४ मध्ये कार्ल मेयर आणि जॉन पामर यांनी ते पहिल्यांदा वेगळं काढलं, तेही गुरांच्या डोळ्यातल्या पारदर्शक द्रवातून. ते पाणी धरून ठेवतं, म्हणूनच ओठ भरतात. सुरुवातीची सूज मात्र दोन्हींची मिळून असते: सुईनं झालेली इजा आणि जेलनं ओढलेलं पाणी. शिवाय ओठांची त्वचा पातळ, रक्तवाहिन्या भरपूर, त्यामुळे तिथे सगळंच जास्त दिसतं.

त्या रात्री अकराच्या सुमारास आरशात पाहिलं तर ओठाचा डावा कोपरा निळा. माझे हातपाय गार पडले. जिथे इंजेक्शन घेतलं तिथे फोन लावला, सहा वेळा लावला, कोणी उचलला नाही. माझी आत्येबहीण परिचारिका आहे. तिला फोटो पाठवला.

"ताई, ओठ निळा पडलाय गं."

"रडू नकोस. बोटानं दाब आणि सोड. पांढरा होऊन लगेच रंग परत येतोय का?"

"येतोय."

"दुखणं वाढत चाललंय का? वर नाकाकडे जाळीसारखा जांभळा रंग दिसतोय? ओठ गार लागतोय?"

"नाही."

"मग साकळलेलं रक्त आहे ते. पण तासातासानं बघत राहा. यातलं एक जरी बदललं तरी मला विचारत बसू नकोस, सरळ दवाखान्यात जायचं."

ताईनं विचारलेले ते प्रश्न मी वहीत लिहून ठेवलेत. फिलर चुकून रक्तवाहिनीत गेलं किंवा तिच्यावर दाब आला तर पुढच्या भागाचं रक्त तुटतं. त्वचा पांढरी पडते, दाबून सोडल्यावर रंग परत यायला वेळ लागतो, जाळीदार जांभळेपणा येतो, बहुतेक वेळा वेदना वाढत जातात. नजर धूसर झाली तर एक क्षणही थांबायचं नाही. अशा वेळी हायलुरॉनिडेज नावाचं इंजेक्शन देऊन फिलर विरघळवतात आणि त्यात जितका उशीर तितकं नुकसान. हे औषध हाताशी नसलेल्या ठिकाणी ओठांना सुई लावूनच घेऊ नये, असं माझं आता ठाम मत आहे. आपल्याला सुई देणारी व्यक्ती महाराष्ट्र वैद्यक परिषदेकडे नोंदणी असलेली डॉक्टर आहे का, हे विचारायला लाजू नका. मी लाजले होते.

दिवाळीनंतर गंगापूर रोडच्या एका त्वचारोगतज्ज्ञांकडे गेले. त्यांनी काहीच केलं नाही, हे मला फार आवडलं. "आत्ता जे दिसतंय त्यावर मत बनवू नका, सूज पूर्ण उतरू दे," म्हणाल्या. दोन आठवड्यांनी ओठ खरोखर बसले. ज्या गाठी जिभेला लागत होत्या त्यांपैकी दोन आपोआप गेल्या. मी त्या चोळून काढायच्या बेतात होते. डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय ओठ चोळायचे नाहीत.

दुसरं इंजेक्शन त्याच डॉक्टरांकडे जानेवारीत, संक्रांतीचं हळदीकुंकू उरकल्यावर. फक्त अर्धा मिली, तेही डाव्या बाजूच्या पातळपणापुरतं. या वेळची काळजी अशी घेतली.

बर्फ. सगळ्यांत जास्त उपयोग याचाच झाला. मेडिकलमधून १८० रुपयांचा जेल पॅक आणला होता, पण तो ओठांवर नीट बसेना, कडक आणि जड. त्यापेक्षा फ्रीजरमधले मटार छोट्या पिशवीत भरून, सासऱ्यांच्या जुन्या धोतराच्या मऊ धुतलेल्या तुकड्यात गुंडाळले. ओठांच्या आकाराप्रमाणे बसतात. दहा मिनिटं ठेवायचे, मग निदान वीस मिनिटं विश्रांती. दाबायचं नाही, नुसतं टेकवायचं. बर्फ थेट लावू नका. ओठ बधीर असतात, त्यामुळे त्वचा भाजतेय हे कळत नाही. पहिल्या दोन दिवसांनंतर मला बर्फाचा फारसा फरक जाणवला नाही, मग बंद केला.

उशी. डोकं उंच ठेवून झोपायचं. पहिल्या रात्री तीन उशा घेतल्या, सकाळी मान आखडली. मग गादीच्या उशाकडच्या भागाखाली दिवाणखान्यातला लोड सरकवला. सगळी पाठच हळूहळू वर जाते, मानेला त्रास नाही. पालथं झोपायची सवय असेल तर दोन्ही बाजूंना उशा लावा. सकाळची सूज दिवसभरातल्या सुजेपेक्षा जास्त असते, तेव्हा उठल्या उठल्या आरशासमोर जाऊन धसका घेऊ नका.

खाणं. सुन्नपणा असेपर्यंत चहा नाही. थंडीच्या दिवसांत नाशिकमध्ये हे जड जातं, पण बधीर ओठ पोळले तर कळणारही नाही. पहिले दोन दिवस मऊ मुगाची खिचडी निववून, दहीभात, ताक. मिसळ मी पूर्ण आठवडाभर टाळली. तिखट रस्सा सुईच्या टोचलेल्या जागांना झोंबतो. दिवाळीत मात्र मी चकली, शेव, चिवडा खात होते. खारट आणि वर टोकदार. खारटानं अंगात पाणी साठतं आणि चकलीचा काटा सुजलेल्या ओठाला लागला की डोळ्यांत पाणी येतं. स्ट्रॉनं काही पिऊ नका, ओठ आवळले जातात. शहाळं घेतलं तर ग्लासात ओतून घ्या. दारूही दोन-तीन दिवस नको. द्राक्षांच्या आणि वाइनच्या गावात राहणाऱ्या माझ्या मैत्रिणींसाठी हे मुद्दाम लिहितेय.

गोळ्या. दुखलं तर पॅरासिटामॉल. घरोघरी डब्यात असते ती आयबुप्रोफेन आणि पॅरासिटामॉल एकत्र असलेली गोळी मी पहिल्या वेळी घेतली होती. आयबुप्रोफेन, अ‍ॅस्पिरिन यांच्यामुळे निळे डाग वाढू शकतात. मात्र हृदयासाठी अ‍ॅस्पिरिन चालू असेल तर ते आपल्या मनानं बंद करू नका, डॉक्टरांना विचारा. माशाच्या तेलाच्या आणि ई जीवनसत्त्वाच्या कॅप्सूलबद्दलही आधीच सांगा. ताप उतरला की ज्यांच्या ओठाच्या कडेला पाण्याचे बारीक फोड येतात त्यांनी तर ते आवर्जून सांगावं. सुईमुळे ते फोड आणणारा विषाणू पुन्हा उठू शकतो आणि त्यासाठी आधीच गोळ्या देता येतात.

अर्निका. मुका मार, निळे डाग यांवर लावायचं हे वनस्पतीचं मलम. याबद्दल मैत्रिणी फार सांगतात. पहिल्या वेळी निळ्या डागावर लावलं, दुसऱ्या वेळी मुद्दाम लावलं नाही. दोन्ही वेळा डाग आठवड्याभरात हिरवट-पिवळा होऊन गेला. मला फरक दिसला नाही. लावायचंच असेल तर सुईच्या ताज्या छिद्रांवर नको आणि पोटात जाईल असं नको. सासूबाईंनी प्रेमानं हळद-लोणी कालवून आणलं होतं, तेही मी पहिल्या दिवशी नाही म्हटलं. टोचलेल्या जागेवर स्वयंपाकघरातलं काही नको. लोणी त्यांनी दहीभातावर घातलं आणि तिथे ते फार छान लागलं. दुसऱ्या दिवसापासून ओठ फुटू नयेत म्हणून साधी पेट्रोलियम जेली, धुतलेल्या हातानं. लिपस्टिकही पहिले चोवीस तास नाही, आणि नंतर जुनी अर्धी वापरलेली कांडी नको.

एक गोष्ट कोणत्याही सूचनेत नसते, ती म्हणजे आपला स्कार्फ. नाशिकमध्ये आपण दुचाकीवर बसताना डोळे सोडून सगळं तोंड घट्ट बांधतो. तो धुळीचा स्कार्फ दिवसभर ओठांवर घासतो, वरून हेल्मेटचा दाब. मी चार दिवस शाळेत रिक्षानं गेले. पैसे गेले, पण टोचलेल्या जागी काही झालं नाही.

शाळेत वेगळाच प्रश्न. शनिवारी इंजेक्शन घेतलं आणि सोमवारी वर्गात उभी राहिले. प, फ, ब, भ, म ही ओष्ठ्य अक्षरं, ओठ जुळल्याशिवाय उमटतच नाहीत. "बाई, तुम्ही आज वेगळ्या बोलताय," एक मुलगी म्हणाली. मी तिला सांगितलं की ओठाला सूज आहे, दोन दिवसांत जाईल. तिनं मान हलवली आणि पाटीकडे वळली. ज्यांचं काम बोलण्याचं आहे त्यांनी निदान तीन-चार दिवसांची रजा हाताशी ठेवावी.

मार्चमध्ये जे झालं त्यासाठी मी तयार नव्हते. रंगपंचमीच्या आठवड्यात घसा धरला, ताप आला, आणि तिसऱ्या सकाळी दोन्ही ओठ सुजलेले. शेवटच्या इंजेक्शनला दोन महिने होऊन गेले होते. या वेळी डॉक्टरांना फोन केला तर त्यांनी दुसऱ्या घंटेला उचलला. संसर्गानं शरीराची प्रतिकारशक्ती जागी होते आणि कधीकधी ती फिलरभोवतीही सूज आणते, असं त्यांनी समजावलं. कोविडच्या लशीनंतरही असं झालेलं आढळलं होतं. डिसेंबर २०२० मध्ये अमेरिकेच्या एफडीए या औषध नियामक संस्थेनं मॉडर्नाच्या लशीच्या कागदपत्रांत आधी फिलर घेतलेल्यांच्या चेहऱ्यावर सूज आल्याची नोंद केली होती. मला बोलावून तपासलं. लालसर गरमपणा नाही, पू नाही, म्हणून वाट पाहायची ठरली. चार दिवसांत उतरली. पण अशी उशिरा आलेली सूज घरी बसून अंदाजानं सोडून द्यायची नाही, कारण जंतुसंसर्गाची सूजही अशीच दिसू शकते. यंदा रंगपंचमीला जुन्या नाशकातल्या रहाडीत, म्हणजे रंगीत पाण्यानं भरलेल्या हौदात, उडी मारायला मी गेले नाही. माझा भाऊ रंगात भिजून आला आणि मला दारातूनच रंग दाखवून गेला.

दाताचं कामही मी यामुळेच पुढे ढकललं. दात साफ करून घ्यायचे होते. इंजेक्शनच्या आधी आणि नंतर दोन-दोन आठवडे नको, असं डॉक्टर म्हणाल्या: तोंड ताणलं जातं आणि हिरड्यांतले जंतू रक्तात जातात.

आज ओठ कसे आहेत? डावी बाजू उजवीशी जुळते. हसले की ओढलं जात नाही. पहिल्या वेळचं थोडं फिलर विरत चाललंय हे जाणवतं, ओठांत ते साधारण सहा महिने ते वर्षभर टिकतं. एक बारीक गाठ आतून अजून जिभेला लागते, बाहेरून दिसत नाही. ती विरघळवायची का, हे डॉक्टरांनी माझ्यावर सोडलंय आणि मी तूर्त ती राहू दिलीय.

पुढची तपासणी सप्टेंबरमध्ये आहे. अजून काही भरायचं ठरलंच तर ते त्याच महिन्यात. स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर धनत्रयोदशीच्या आधीच्या तीन आठवड्यांवर मी लाल रेघ मारून ठेवलीय, आणि यंदाच्या अभ्यंगस्नानाचं तेल सासूबाईंनी आत्ताच सांगून ठेवलंय.