‘संडे ॲट द व्हिलेज व्हॅनगार्ड’ : बासकडे कान ठेवून ऐकावा असा अल्बम

जॅझ पियानोवादक बिल इव्हान्स यांच्या त्रयीचा (पियानो, बास आणि ड्रम) हा अल्बम पियानोवादकाच्या नावावर असला, तरी तो ऐकताना कान डबल बासवर, म्हणजे खर्जातल्या त्या उंच तंतुवाद्यावर, ठेवावा, असे मी आग्रहाने सुचवेन. २५ जून १९६१ च्या रविवारी न्यूयॉर्कमधील व्हिलेज व्हॅनगार्ड या तळघरातल्या छोट्या क्लबमध्ये, दुपारी दोन आणि रात्री तीन अशा पाच बैठकींत, हे वादन ध्वनिमुद्रित झाले. त्यानंतर अकराव्या दिवशी बासवादक स्कॉट लाफारो मोटार अपघातात गेले. त्यांचे वय अवघे २५ होते. म्हणूनच त्यांचा बास ठळकपणे पुढे येईल अशा सहा रचना या अल्बमसाठी निवडल्या गेल्या, आणि आरंभी ‘ग्लोरियाज स्टेप’ व अखेरीस ‘जेड व्हिजन्स’ या त्यांच्या स्वतःच्या रचना ठेवल्या गेल्या.

बासवादकाने ठोके मोजत सुरावटीचा पाया सांभाळायचा, हा जॅझमधील रूढ प्रघात लाफारो येथे सहजपणे ओलांडतात. आपल्याला सवाल-जवाबाची सवय असते, म्हणजे एक थांबला की दुसरा बोलतो. येथे मात्र पियानो आणि बास एकाच वेळी बोलतात, कधी एकमेकांचे वाक्य पूर्ण करतात, कधी मुद्दाम अपुरे सोडतात, आणि तरीही नाद गढूळ होत नाही. ‘ॲलिस इन वंडरलँड’मध्ये हे फार सुंदर साधले आहे. ड्रमवादक पॉल मोशन ब्रशने हलकेच लय सुचवत राहतात. त्यांच्या संयमाची पुरेशी दखल घेतली जात नाही, असे मला नेहमी वाटते.

‘सोलर’मधील बासचे एकल वादन बरेच लांबते, त्यामुळे जॅझ नव्याने ऐकणाऱ्याने तेथून सुरुवात करू नये. मोबाइलच्या स्पीकरवर तर हा अल्बम ऐकूच नये, कारण बासचे खालचे स्वर तेथे नाहीसे होतात आणि उरतो तो केवळ अर्धा संवाद. चांगल्या हेडफोनवर पेल्यांची किणकिण आणि श्रोत्यांची कुजबुजही ऐकू येते. त्या दिवशी पुढ्यात काय घडत आहे, याची त्या मंडळींना कल्पना नसावी. ‘जेड व्हिजन्स’ नऊ मात्रांच्या संथ आवर्तनात चालते, आणि त्यात बासच्या तारा जोडीने छेडल्या गेल्या की इव्हान्स पियानोचा आवाज आणखी खाली उतरवतात.