गेममोड बदलायचा, पण कसा: टाइप करून की एफ३ धरून?

माइनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या खेळाच्या जावा (संगणकावरच्या) आवृत्तीत गेममोड, म्हणजे खेळायची पद्धत, बदलायचे दोन रस्ते आहेत आणि दोन्हींवरून माझं भरपूर जाणं-येणं झालंय. जुना रस्ता असा: चॅट उघडायचं, /गेममोड क्रिएटिव्ह लिहायचं, एंटर. नवा रस्ता २०२० मध्ये १.१६ या आवृत्तीबरोबर आला. एफ३ दाबून धरायचं, एफ४ टिचकवायचं, पडद्यावर चार चौकोन दिसतात, हवा त्यावर आलात की एफ३ सोडायचं. (कमांड्स, म्हणजे खेळाला द्यायचे हुकूम, इथे देवनागरीत लिहितोय, टाइप अर्थात रोमनमध्ये करायच्या.)

जो जन्मभर सर्व्हायव्हलमध्येच (जिथे जीव सांभाळावा लागतो) राहणार किंवा फक्त क्रिएटिव्हमध्ये (जिथे उडता येतं, सामान हवं तेवढं) बांधत बसणार, त्याला हा प्रश्न पडायचं कारण नाही. प्रश्न आमच्यासारख्यांचा आहे, ज्यांची एका संध्याकाळी तीस-चाळीस वेळा ये-जा होते. मी आणि माझी भाची दोन दिवाळ्यांपासून एक गड बांधतोय. बांधणं क्रिएटिव्हमध्ये. चालून बघणं सर्व्हायव्हलमध्ये, कारण आमचा दरवाजा गोमुखी आहे, दोन बुरुजांच्या कुशीत लपलेला, आणि तो खरंच लपलाय की नाही हे उडत बघून कळत नाही. उडताना सगळंच दिसतं. पायी, शत्रूच्या उंचीवरून वळण घेत यावं लागतं. आणि तिसरा स्पेक्टेटर, भुतासारखं भिंतींतून फिरायचा, तळघरांसाठी. १.१८ पासून राक्षस फक्त पूर्ण अंधारात, म्हणजे प्रकाश शून्य असेल तिथेच उपजतात. तेव्हा फरशीखाली एखादी पोकळी विसरली असेल तर ती भिंतींमधून आरपार जाऊनच सापडते.

सुरुवातीला एफ३-एफ४ वर मी फिदा होतो. चॅट उघडायला नको, स्पेलिंग नको, नजर कामावरून हलत नाही. चौकोनांवरची चित्रंही सुटसुटीत आहेत: गवताचा ठोकळा म्हणजे क्रिएटिव्ह, लोखंडी तलवार म्हणजे सर्व्हायव्हल, नकाशा अॅडव्हेंचरचा, डोळा स्पेक्टेटरचा. आणि एक चलाखी: फलक उघडला की आधीच्या मोडवर खूण तयारच असते. त्यामुळे एफ४ एकदाच टिचकवून सोडलं तर तुम्ही थेट मागच्या मोडमध्ये परत. दोनच मोडमध्ये ये-जा असेल तर यापेक्षा सोयीचं काही नाही, हे मी आजही मान्य करतो.

लॅपटॉपचं एक दुखणं मात्र आधी सांगायला हवं. माझ्या लॅपटॉपवर वरची रांग आवाज आणि उजेडासाठी राखलेली आहे, एफ३ हवं तर सोबत एफएन धरावं लागतं. म्हणजे एका बोटाने एफएन, दुसऱ्याने एफ३, तिसऱ्याने एफ४, आणि उरलेल्या हाताने माउस. पेटी वाजवल्यासारखं वाटतं. बऱ्याच लॅपटॉपांत ही रांग उलटी करून घेता येते, मीही ती घेतली, आणि मग कुणी व्हिडिओ बघताना आवाज वाढवायला गेलं की घरात ‘हे कुणी केलं?’ असा प्रश्न. तरी एवढ्यावरून मी पद्धत बदलली नसती. डेस्कटॉपवाल्यांना तर हा त्रास नाहीच.

बदलली ती त्याच चलाखीमुळे. ‘मागचा मोड’ हे ठिकाण दोन मोडमध्ये पक्कं असतं, तीन मोडमध्ये ते सरकत राहतं. त्या दिवशी तासभर माझं क्रिएटिव्ह आणि स्पेक्टेटर असं चाललं होतं. एक टिचकी, आत. एक टिचकी, बाहेर. हाताला वळण पडलं. मधेच भाची म्हणाली, ‘मामा, एकदा दरवाज्यातून चालत ये ना.’ सर्व्हायव्हलमध्ये गेलो, चालत आलो, पुन्हा क्रिएटिव्हमध्ये आलो, उडत बुरुजाच्या वर पोहोचलो. आता तळघर बघायचं म्हणून हाताने सवयीने एक टिचकी दिली. हाताच्या हिशेबाने मागचा मोड स्पेक्टेटर. खेळाच्या हिशेबाने सर्व्हायव्हल. आणि मी जमिनीपासून चाळीसेक ब्लॉक (ठोकळे) वर, हवेत.

पडण्याचं गणित खेळणाऱ्यांना ठाऊक आहे: पहिले तीन ब्लॉक माफ, पुढे प्रत्येक ब्लॉकला अर्धं हृदय. सगळा जीव, म्हणजे दहा हृदयं, संपवायला तेवीस ब्लॉक पुरतात. माझं ते गणितसुद्धा लागलं नाही, कारण खाली खंदक होता आणि खंदकात पाण्याऐवजी लाव्हा. (लाव्हाची कल्पना भाचीची. ‘शत्रू पोहत येईल’ हा तिचा युक्तिवाद मला खोडता आला नव्हता.) सामान सगळं जळालं. नेदराइट या धातूची वस्तू लाव्हात टिकते, हिऱ्याची नाही, आणि माझ्या पोतडीत तिची हिऱ्याची कुदळ होती. मेंडिंग, फॉर्च्यून ३ अशी जादू चढवलेली, ऐरणीवर नाव कोरलेलं: धोंडू. हे जग मुळात तिनेच सर्व्हायव्हलमध्ये सुरू केलेलं, कुदळ तिच्या पहिल्या सुट्टीतली. तशीच कुदळ क्रिएटिव्हमध्ये अर्ध्या मिनिटात काढता येते, मी काढूनही दिली. तिने ती घेतली आणि पेटीत ठेवून दिली.

चूक माझीच, हे कबूल. फलकावर तलवार दिसत होती, मी बघितली नाही. पण अडचण नेमकी तिथेच आहे: त्या पद्धतीत बघायला वेळच नसतो. एफ३ सोडणं हाच होकार. बोट उचललं की काम झालं, आणि बोट उचलण्याआधी डोळ्यांनी तपासायचं असेल तर मग तो झपाटा कुठे राहिला?

टाइप करण्यात मला आता हेच आवडतं की जायचं कुठे ते लिहावं लागतं. /गेममोड स्पेक्टेटर म्हणजे स्पेक्टेटर. काल कुठे होतो, परवा कुठे होतो याच्याशी त्याला देणंघेणं नाही. लिहिण्याचा त्रास बाहेरून वाटतो तेवढाही नाही. स्लॅशची कळ दाबली की चॅट स्लॅशसकट उघडतं. गेमपर्यंत लिहून टॅब मारलं तरी गेममोड येतं. त्याच अक्षरांवर गेमरूल ही कमांडही सुरू होते, पण वर्णक्रमाने ती मागे राहते. वरचा बाण मागच्या कमांड्स एकेक करून आणतो, म्हणजे संध्याकाळी पहिल्या चार वेळा टाइप केलं की पुढे बाण, बाण, एंटर. नव्या आवृत्त्यांत तर खेळ बंद करून उघडला तरी ही आठवण राहते. बाणाने आणलेली ओळसुद्धा एंटरआधी समोर लिहिलेली असते. मी वाचतो, मग एंटर मारतो. त्या अर्ध्या सेकंदाने आजवर मला दोनदा वाचवलंय.

या बाजूची रड सांगायची तर जुन्या खेळाडूंची मोठी आहे. २०१८ च्या १.१३ आधी नुसतं /गेममोड १ लिहून भागायचं. शून्य सर्व्हायव्हल, एक क्रिएटिव्ह, दोन अॅडव्हेंचर, तीन स्पेक्टेटर. एक-दोन अक्षरांची लघुरूपंही चालायची. जावा आवृत्तीत ते सगळं गेलं, आता पूर्ण शब्द लागतो. माझी बोटं बरेच दिवस एक लिहून लाल अक्षरांतली बोलणी खात होती.

दुसरी रड खास आपली. संगणकावर मराठी इनस्क्रिप्ट कळफलक चालू राहिला असेल आणि टी दाबून चॅट उघडलंत, तर स्लॅशच्या जागी ‘य’ उमटतो आणि पुढे काना-मात्रांचा खच. कमांड तर होत नाहीच, ती गोष्ट गप्पा म्हणून सगळ्यांना दिसते. मित्राच्या सर्व्हरवर माझे असे तीन-चार मंत्र उमटलेत.

आणि एका ठिकाणी टाइप करणं सपशेल हरतं. क्रीपर (जवळ येऊन फुटणारा राक्षस) फुसफुसायला लागल्यापासून फुटेपर्यंत दीड सेकंद मिळतो. तेवढ्यात कुणी क्रिएटिव्हचं स्पेलिंग लिहीत नाही, आणि चॅट उघडलं म्हणून खेळ थांबतही नाही. तुम्ही मोड मुख्यतः जीव वाचवायला बदलत असाल (मी दोष देणार नाही) तर एफ३-एफ४ च घ्या आणि पुढचं वाचू नका.

मी कळांकडे पूर्ण पाठ फिरवलेली नाही. एफ३ धरून एन दाबलं की तुम्ही स्पेक्टेटरमध्ये जाता, पुन्हा दाबलं की जिथून आलात तिथे परत. याला फलक नाही, चौकोन नाहीत, आणि महत्त्वाचं म्हणजे दुसऱ्या कुठल्याही मोडमधून दाबलं की मुक्काम ठरलेला, स्पेक्टेटर. तळघरं तपासायला मी हेच वापरतो. फक्त परतताना आपण दगडाच्या आत किंवा हवेत लटकलेले नाही ना, एवढं बघायचं, कारण सर्व्हायव्हलमधून आत शिरला असाल तर दगडाच्या पोटात सर्व्हायव्हल होऊन गुदमराल.

दुसऱ्यांचे मोड बदलायचे असतील तर तुलनाच उरत नाही. एफ३ फक्त स्वतःपुरतं. कमांडपुढे नाव लिहा, नाहीतर @ए लिहून सगळ्यांना एकदम हलवा. दिवाळीत भाचीची आतेभावंडं येतात तेव्हा दरवाज्यावर पोहोचताच मी सगळ्यांना अॅडव्हेंचरमध्ये टाकतो, म्हणजे गड बघता येतो, फोडता येत नाही. मधे हौसेने दरवाज्यात बटण बसवून त्यामागे कमांड ब्लॉक (साठवलेली कमांड चालवणारा ठोकळा) ठेवला होता, @पी म्हणजे जवळच्या माणसासाठी. दोन पोरं एकदम धावत आली की बटण दाबणारा राहतो बाजूला आणि बदलतो भलताच. काढून टाकला.

परवानगीचं म्हणाल तर दोन्ही रस्त्यांना ती सारखीच लागते. जग बनवताना चीट्स (अशा कमांड्सची मुभा) बंद ठेवले असतील तर कमांड ओळखली जात नाही आणि फलक उघडायला नकार मिळतो. एकट्याच्या जगात यावर जुना उपाय आहे: एस्केप दाबून जग लॅनवर (घरच्या नेटवर्कवर) खुलं करा, तिथे चीट्सना परवानगी द्या. जग बंद करेपर्यंत ती पुरते.

टॅबलेटवाल्यांसाठी, म्हणजे बेडरॉक आवृत्तीसाठी, माझं मत थोडं वेगळं पडतं. तिथे क्रिएटिव्हसाठी सी, सर्व्हायव्हलसाठी एस अशी लघुरूपं अजून चालतात, म्हणजे टाइप करणं कागदावर अधिक सोपं. पण कळफलक अर्धा पडदा खातो आणि मागे काय चाललंय ते दिसेनासं होतं. भाची स्वतःच्या घरी टॅबलेटवर खेळते, ती सेटिंग्जमध्ये जाऊन वैयक्तिक गेममोड बदलते, आणि ते मला पटतं: यादीतून नाव वाचून निवडायचं, आधी कुठे होतात याचा संबंध नाही. मात्र बेडरॉकमध्ये चीट्स किंवा क्रिएटिव्ह एकदा चालू केलं की त्या जगातली अचीव्हमेंट्स (खेळातल्या कामगिरीची नोंद) कायमची बंद होतात, मग रस्ता कुठलाही असो. विचारलं जातं, पण तो प्रश्न पोरं वाचत नाहीत. आधी जगाची प्रत काढा आणि प्रयोग प्रतीत करा. जावामध्ये अॅडव्हान्समेंट्सना, म्हणजे तिथल्या तशाच नोंदींना, असा धक्का लागत नाही.

तर तीन मोडमध्ये फिरणार असाल आणि जावावर असाल, तर माझ्या अनुभवापुरतं म्हणतो, एक आठवडा टाइप करून बघा. पहिले दोन दिवस कंटाळा येईल. तुमची बोटं माझ्यापेक्षा शहाणी असतील आणि फलकाकडे खरंच बघत असतील, तर मग माझं ऐकायची तशी गरज नाही. भाची माझ्या लॅपटॉपवर बसली की अजूनही एफ३-एफ४ च वापरते, आणि ती एकदाही पडलेली नाही.

खंदकात मात्र आता पाणी आहे. तिचा त्याला अजून विरोध आहे.