एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी : सीडीतला आवाज जसाच्या तसा

माझ्या संग्रहातल्या रॉक अल्बमच्या सीडी संगणकावर उतरवण्यासाठी मी ‘एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी’ हे विंडोजवरचे सॉफ्टवेअर वापरतो आणि ज्याला घाई नाही अशा प्रत्येक संग्राहकाला ते मनापासून सुचवेन. सुरक्षित पद्धतीत ते सीडीचा प्रत्येक भाग पुन्हा वाचून पडताळते आणि आलेला निकाल इतरांच्या प्रतींशी ॲक्युरेटरिप या ऑनलाइन नोंदसंग्रहाद्वारे ताडून पाहते. पिंक फ्लॉइडच्या 1973 च्या ‘द डार्क साइड ऑफ द मून’च्या माझ्या ओरखडे पडलेल्या सीडीला तासाहून अधिक वेळ लागला, पण एकमेकांत मिसळणारी त्यातली गाणी कुठेही तुटली नाहीत. फ्लॅक ही ध्वनी दाबून साठवणारी फाइल मूळच्या साधारण निम्म्या जागेत मावते आणि 16 बिट, 44.1 किलोहर्ट्झच्या मूळ ध्वनीतले काहीही गमावत नाही.

सुरुवातीची जुळवाजुळव, विशेषतः ड्राइव्हचा ऑफसेट (सीडी वाचताना ड्राइव्ह ठरावीक अंतराने पुढे-मागे सरकतो तो फरक) बसवणे, किचकट आहे. तरीही हे कष्ट स्वतःच घ्यावेत. सोलापुरातल्याच एका दुकानाने मला फ्लॅक म्हणून दिलेल्या फायलींचा वारंवारितेचा आलेख 16 किलोहर्ट्झच्या आसपास सपाट कापलेला निघाला. त्या एमपीथ्रीवरून, म्हणजे ध्वनीचा काही भाग कापून लहान केलेल्या फायलींवरून, बनवलेल्या होत्या, याचे मला आजही वाईट वाटते.

रात्री नवी पेठेतली वर्दळ ओसरल्यावर, आवाज घुमू नये म्हणून भिंतीवर सोलापुरी चादर टांगलेल्या खोलीत, ड्रमच्या झांजेचा नाद अगदी विरेपर्यंत ऐकू येतो.