उत्पत्तिकथांचे मायाविद्यापीठ: एका अभ्यागताचा अभिप्राय

देवगडच्या खाडीपलीकडे, कल्पनेतच सापडणाऱ्या या मायाविद्यापीठात गावांच्या, देवळांच्या आणि समुद्राच्या उत्पत्तिकथा जतन केल्या जातात, आणि हे काम तेथे बहुतांशी उत्तम होते. परशुरामाने बाण सोडून समुद्र मागे हटवल्याची कथा सुरू होताच दालनातले पाणी खरोखर ओसरते. तरीही मला अधिक मोलाचे वाटले ते कुणकेश्वराचे दालन, कारण वादळात सापडलेल्या परदेशी व्यापाऱ्याने किनाऱ्यावरचा दिवा पाहून नवस केला आणि पुढे मंदिर बांधले, या कथेची गावोगावची निरनिराळी रूपे तेथे कोणतीही खाडाखोड न करता सांभाळली आहेत. पिंगुळीच्या ठाकर समाजाची चित्रकथी, म्हणजे पोथीतली चित्रे एकेक दाखवत कथा गाण्याची कला, हीही शिकवली जाते. तेथे मात्र पोथीतली चित्रे स्वतःच बोलू लागतात, आणि हे मला खटकले, कारण चित्रकथीचा प्राण चित्रामागे बसून कथा गाणाऱ्या माणसात असतो. (जादूने प्रत्येक ठिकाणी हात घालू नये.) भोजनगृहातील सोलकढी पातळ आहे. प्रवेशशुल्क नाही, आपल्या गावाची एक कथा सांगावी लागते आणि ग्रंथपाल ती सांगणाऱ्याच्याच बोलीत, हेल आणि अडखळण्यासह, नोंदवून घेतात.