मुलीने खुल्या गटात खेळावं की मुलींच्या? ज्युडिट, हंपी आणि दिव्या यांच्या तीन वाटा

मुलगी तेरा-चौदा वर्षांची, बुद्धिबळ खेळते, रेटिंग (खेळाच्या ताकदीचा अधिकृत आकडा) सतराशेच्या आसपास, आणि पुढच्या वर्षी कोणत्या स्पर्धा खेळायच्या ते ठरवायचं आहे. मुलींच्या गटात उतरली तर पदक दिसतं. खुल्या गटात, म्हणजे मुलांबरोबर, उतरली तर कदाचित तिसावी येईल. अशा वेळी सल्ला देणारे बहुतेक जण पुरुषांमध्येच खेळून मोठ्या झालेल्या हंगेरीच्या ज्युडिट पोल्गारचं नाव घेतात आणि विषय संपवतात. तो दाखला खरा आहे, पण एकट्याने पुरत नाही. म्हणून ज्युडिट, कोनेरू हंपी आणि आपली नागपूरची दिव्या देशमुख या तिघींच्या कारकिर्दी शेजारी-शेजारी ठेवून पाहायला हव्यात.

त्याआधी रोहिणी खाडिलकर यांचं नाव घेतलंच पाहिजे. १९७६ मध्ये, तेराव्या वर्षी, मुंबईची ही मुलगी राष्ट्रीय पुरुष स्पर्धेत उतरली. विरोध झाला, प्रकरण उच्च न्यायालयात गेलं, आणि अखेर जागतिक संघटनेचे अध्यक्ष मॅक्स युवे यांनी स्त्रियांना अशा स्पर्धांतून वगळता येणार नाही, असा निर्णय दिला. रोहिणी यांनी राष्ट्रीय महिला विजेतेपद पाच वेळा आणि आशियाई महिला विजेतेपद १९८१ व १९८३ मध्ये जिंकलं. खुल्या गटाचा हक्क त्यांनी मिळवून दिला आणि महिला गटही सोडला नाही. वासंती आणि जयश्री या त्यांच्या बहिणी धरून या तिघी खाडिलकरांनी दहाएक वर्षं राष्ट्रीय महिला विजेतेपद घरातच ठेवलं होतं, हे आजच्या किती मुलींना ठाऊक आहे?

आता ज्युडिट. १९८८ आणि १९९० च्या ऑलिम्पियाडमध्ये हंगेरीच्या महिला संघाला सुवर्ण मिळालं, त्यात ती होती. त्यानंतर ती महिलांच्या स्पर्धांकडे फिरकली नाही. १९९१ मध्ये हंगेरीची राष्ट्रीय स्पर्धा, म्हणजे पुरुषांसह सगळ्यांची, जिंकून ती पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर (बुद्धिबळातला सर्वोच्च किताब) झाली आणि सर्वांत लहान वयात तो मिळवण्याचा बॉबी फिशरचा विक्रम मोडला. १९९३ मध्ये तिने माजी जगज्जेत्या स्पास्कीला सामन्यात हरवलं, २००२ मध्ये जलद (कमी वेळेच्या) डावात तेव्हाच्या जागतिक अव्वल कास्पारोव्हला. २००५ मध्ये तिचं रेटिंग २७३५ झालं. जागतिक क्रमवारीत ती आठव्या क्रमांकापर्यंत पोचली. २७०० ओलांडणारी ती आजवरची एकमेव स्त्री. महिला जगज्जेतेपदासाठी ती कधी खेळलीच नाही.

पण तिचं घर पाहा. वडील लास्लो यांनी मुलींना शाळेत न घालता घरीच शिकवलं. तीन बहिणी, तिघीही बुद्धिबळात, घरातच तोडीस तोड सराव. आणि त्याच घरातली थोरली सुसान १९९६ मध्ये महिला जगज्जेती झाली. म्हणजे एकाच वडिलांच्या हाताखाली दोन मुली दोन वाटांनी गेल्या. दहावीचे क्लास, शाळेची हजेरी आणि रविवारची एखादी स्पर्धा अशा घडीत ज्युडिटचा मार्ग जसाच्या तसा बसत नाही, हे आईवडिलांनी स्वतःशी मान्य करावं.

हंपीची तुलना इथे खूप शिकवते. २००२ मध्ये ती पंधरा वर्षं आणि साधारण दोन महिन्यांची असताना ग्रँडमास्टर झाली, ज्युडिटपेक्षा तीन महिने लवकर. १९९९ मध्ये अहमदाबादच्या आशियाई स्पर्धेत बारा वर्षांखालील गट तिने मुलांमध्ये खेळून जिंकला होता. म्हणजे सुरुवात तितकीच दमदार. पुढे मात्र तिचं मुख्य लक्ष महिला जगज्जेतेपदावर राहिलं. २०११ मध्ये तिरानाला तिने चीनच्या हौ यिफानविरुद्ध सामना गमावला, आणि क्लासिकल (पूर्ण वेळेच्या डावांचा) मुकुट हुकला तो हुकलाच. तिचं सर्वोच्च रेटिंग २६२३.

२७३५ आणि २६२३ मधला फरक केवळ प्रतिभेचा आहे, असं मला वाटत नाही. २६०० च्या खेळाडूने २४५० च्या प्रतिस्पर्ध्याशी बरोबरी केली तर तिचे रेटिंगचे दोन गुण जातात. २७०० शी बरोबरी केली तर जवळपास दीड गुण मिळतो. महिला स्पर्धांमध्ये तिच्यासमोर बहुधा पहिल्या प्रकारचेच प्रतिस्पर्धी येत राहिले. जिंकणं हे तिथे कर्तव्य होऊन बसतं, आणि खेळ वाढायला लागणारा दाब मिळत नाही.

तरीही हंपीची वाट मी कमी लेखणार नाही. मुलीच्या जन्मानंतर दोन वर्षं ती खेळापासून दूर होती. परतली आणि २०१९ मध्ये जागतिक जलद विजेती झाली, २०२४ मध्ये पुन्हा. इतकी लांब आणि मानाची कारकीर्द महिला स्पर्धांच्या आधारावर उभी राहते, हे तिने दाखवलं.

हौ यिफानबद्दल थोडक्यात. सोळाव्या वर्षी जगज्जेती, २०१६ नंतर महिला जगज्जेतेपदाच्या चक्रातून स्वतःहून बाहेर, २०१७ मध्ये बील इथली खुल्या दर्जाची स्पर्धा जिंकली. मग ऑक्सफर्ड आणि प्राध्यापकी. अशीही एक वाट असते, एवढंच.

दिव्याकडे मी सर्वांत जास्त लक्ष देईन. २०२४ मध्ये गांधीनगरला मुलींची जागतिक ज्युनियर विजेती, त्याच वर्षी बुडापेस्ट ऑलिम्पियाडमध्ये संघाचं आणि वैयक्तिक सुवर्ण. जुलै २०२५ मध्ये बाटुमीला महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत समोर हंपीच. दोन क्लासिकल डाव बरोबरीत, आणि दुसऱ्या जलद डावात काळ्या मोहऱ्यांनी दिव्याचा विजय. त्याआधी तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म (किताबासाठी एखाद्या स्पर्धेत दाखवावी लागणारी ठरावीक कामगिरी) नव्हता. विश्वचषक जिंकल्यामुळे किताब थेट मिळाला, शिवाय ५० हजार डॉलर आणि महिला जगज्जेतेपदाची आव्हानवीर ठरवणाऱ्या कँडिडेट्स स्पर्धेतलं स्थान. एरवी तीन नॉर्म लागतात आणि प्रत्येकासाठी २६०० ची कामगिरी. महिला गटाने तिला हे दार उघडून दिलं. आणि लगेच सप्टेंबरात समरकंदच्या ग्रँड स्विस स्पर्धेत ती खुल्या गटात उतरली! मला तिचं सर्वांत जास्त आवडलं ते हेच.

मग सतराशेच्या मुलीने काय करावं? वर्षातल्या बहुतेक स्पर्धा खुल्या खेळाव्यात, आणि राष्ट्रीय वयोगट स्पर्धेत मात्र मुलींच्या गटात उतरावं, कारण आशियाई आणि जागतिक स्पर्धांची निवड तिथून होते. खुल्या गटात रेटिंगला फटका बसेल, त्याची तयारी ठेवा. १८ वर्षांखालील, २३०० च्या आतल्या खेळाडूचा के-फॅक्टर, म्हणजे एका डावाने रेटिंग किती हलेल ते ठरवणारा आकडा, ४० असतो. पंधराशेच्या एखाद्या तयारीच्या पोराकडून हरली की तीस गुण एका डावात जातात. पण तितक्याच वेगाने ते परतही येतात, म्हणून एका स्पर्धेच्या रेटिंगवरून गट बदलू नका.

मुलींच्या गटात ती सहज जिंकू लागली आणि घरी येऊन डाव तपासायचा कंटाळा करू लागली, तर तिथल्या स्पर्धा कमी करण्याची वेळ झाली असं समजा. उलट, खुल्या गटात सलग हरून पटासमोर बसायलाच नको म्हणत असेल, तर मुलींच्या एक-दोन स्पर्धा जरूर खेळवा. आणि किताबाचं लक्ष्य ठेवायचं झालं तर महिला ग्रँडमास्टर या फक्त महिलांसाठीच्या किताबाच्या २३०० रेटिंगवर नजर न थांबवता इंटरनॅशनल मास्टरचे २४०० धरा.