गेमचं व्हर्जन बघायला कमांड लागत नाही

संगणकावरच्या कुठल्याही गेमचं व्हर्जन कोणतं आहे हे बघायला काही डाउनलोड करावं लागत नाही, काही पेस्ट करावं लागत नाही आणि कुणाला फाइल पाठवावी लागत नाही. तो आकडा गेम स्वतःच दाखवतो. "तुझं व्हर्जन कोणतं?" या साध्या प्रश्नातून माझं ईमेल, गेमचं खातं आणि ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड एका संध्याकाळी चोरीला गेले. कसे गेले ते सविस्तर लिहिते. ओटीपी मागणाऱ्यापासून आपण सगळे सावध असतो, पण गेम चालत नाही म्हणून मदत करणाऱ्याकडे कोण संशयाने बघतं?

आमचा जुन्या मित्रमैत्रिणींचा एक गट माइनक्राफ्ट हा गेम खेळतो. गटातल्या एकाने सर्व्हर, म्हणजे सगळ्यांनी मिळून खेळायची सामाईक जागा, चालवायला घेतलाय, त्यावर मॉड (गेममध्ये बदल करणाऱ्या जोडण्या) आहेत आणि तो १.२०.१ व्हर्जनवर आहे. मी नवीन लॅपटॉपवर गेम टाकला, सर्व्हरला जोडायला गेले, तर 'इनकम्पॅटिबल क्लायंट, प्लीज यूज १.२०.१' असं येऊन बाहेर. म्हणजे माझ्याकडे दुसरंच काहीतरी बसलं होतं. त्यात विंडोजवर हा गेम जावा आणि बेडरॉक अशा दोन रूपांत येतो. २०२२ पासून संगणकासाठी दोन्ही एकत्रच मिळतात, त्यामुळे लाँचरमध्ये, म्हणजे गेम सुरू करून देणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, दोन्ही शेजारी शेजारी दिसत होते. आमचा सर्व्हरवाला नेमका फोन उचलत नव्हता. मॉडची चर्चा चालते त्या मोठ्या चॅट ग्रुपवर मी विचारलं, की माझ्याकडे कोणतं व्हर्जन आहे ते नक्की कुठे कळेल. सोबत गेमच्या पहिल्या स्क्रीनचा स्क्रीनशॉट टाकला.

ग्रुपवर कुणी उत्तर द्यायच्या आत एकाचा खाजगी मेसेज आला. "ताई, टेन्शन नको, दोन मिनिटांत सोडवू."

माणसाला विषय येत होता, हे मान्य करायलाच हवं. जावा की बेडरॉक, फोर्ज की फॅब्रिक (हे दोन्ही मॉड चालवणारे प्रोग्रॅम), असे नेमके प्रश्न त्याने विचारले. १.२० आणि १.२०.१ एकमेकांना जोडले जातात, पण १.२०.२ जोडलं जात नाही, असं का होतं तेही समजावलं. सर्व्हर आणि गेम एकमेकांशी ज्या भाषेत बोलतात तिला प्रोटोकॉल म्हणतात आणि तिचाही वेगळा क्रमांक असतो. १.२० आणि १.२०.१ या दोघांचा ७६३, १.२०.२ चा ७६४. यातला शब्दन् शब्द खरा आहे, मी नंतर पडताळून पाहिला. ही फसवणूक अशी खऱ्या माहितीवर उभी असते. दहा गोष्टी बरोबर सांगणाऱ्याची अकरावी गोष्ट आपण तपासत बसत नाही.

अकरावी गोष्ट अशी होती: "स्क्रीनवरचा नंबर लाँचर कधी कधी चुकीचा दाखवतो. खरं बिल्ड (म्हणजे नेमकी आवृत्ती) बघायचं तर व्हर्जन चेकर वापरायला लागेल." सोबत एक लिंक. पान अगदी नीटनेटकं, मधोमध 'कॉपी' असं हिरवं बटण, खाली तीन पायऱ्या. विंडोजचं बटण आणि आर एकदम दाबा. कंट्रोल आणि व्ही दाबा. एंटर दाबा.

विंडोज आणि आर दाबल्यावर 'रन' नावाची छोटी चौकट उघडते, ती मी अनेकदा वापरलेली आहे. तिच्यात 'विनव्हर' टाइप केलं की विंडोजचं व्हर्जन दिसतं, हे संगणक वापरणाऱ्या बऱ्याच जणांना ठाऊक असतं. त्यामुळे व्हर्जन बघायला रन उघडायचं यात वावगं काही वाटत नाही. चोरांनी हीच सवय हेरलेली आहे. पेस्ट केल्यावर चौकटीत दिसलं ते एवढंच: एक हॅशची (#) खूण आणि पुढे 'गेम व्हर्जन चेक' अशा अर्थाचे इंग्रजी शब्द. एंटर दाबलं. काळी खिडकी क्षणभर चमकून गेली आणि पुढे काहीच झालं नाही.

त्याचा लगेच मेसेज: "आलं इकडे. तुमचं १.२१.४ आहे. लाँचरमध्ये १.२०.१ चं नवीन इन्स्टॉलेशन बनवा, त्यावर फोर्ज टाका."

तसं केलं आणि गेम खरंच चालू झाला! मी त्याचे आभार मानले, आणि तो "एन्जॉय ताई" म्हणाला. रात्री उशिरापर्यंत आम्ही खेळत होतो.

आता त्या १.२१.४ बद्दल. हा आकडा त्याला कुठल्याही चेकरने सांगितला नव्हता. मी ग्रुपवर जो स्क्रीनशॉट टाकला होता, त्याच्या डाव्या खालच्या कोपऱ्यात तो ठळक लिहिलेला होता. माइनक्राफ्ट जावाच्या पहिल्या स्क्रीनवर व्हर्जन तिथेच असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मैत्रिणीचा फोन आला, "तू मला कसली लिंक पाठवतेयस?" माझ्या चॅट खात्यावरून सगळ्या ओळखीच्यांना मेसेज गेले होते: "तुझं व्हर्जन कोणतं आहे? हे चालवून बघ ना." ईमेल उघडायला गेले तर पासवर्ड बदललेला. गेमच्या खात्याला भलताच ईमेल जोडलेला. ज्या दुकानातून मी गेम विकत घेते तिथल्या खात्यातल्या डिजिटल वस्तू दुसऱ्या कुणाकडे गेलेल्या. दोन टप्प्यांची सुरक्षा सगळीकडे चालू होती, तरीही.

आदल्या दिवशी नेमकं काय चाललं ते शोधायला मी पुन्हा रनची चौकट उघडली. ती आधी टाइप केलेल्या गोष्टी लक्षात ठेवते आणि उजवीकडच्या बाणावर क्लिक केलं की यादी दाखवते. तिथली ओळ नोटपॅडमध्ये चिकटवल्यावर खरं रूप दिसलं. सुरुवात पॉवरशेलने (आज्ञा चालवणारा विंडोजचाच प्रोग्रॅम), मग खिडकी लपवून ठेवायची सूचना, मग एक लांबलचक पत्ता, तिथून काहीतरी उतरवून थेट चालवायची आज्ञा, मग भरपूर मोकळी जागा आणि सगळ्यात शेवटी ती हॅशची खूण. हॅशच्या पुढचं पॉवरशेल वाचतच नाही, ती नुसती टीप असते. चौकट अरुंद आहे आणि पेस्ट केल्यावर नजरेसमोर शेवटचा भाग राहतो, त्यामुळे माणसाला दिसते ती टीप आणि यंत्राला दिसतो तो आधीचा सगळा मजकूर. कल्पकता आहे, नाही म्हणवत नाही.

या पद्धतीला सुरक्षावाले 'क्लिकफिक्स' म्हणतात आणि २०२४ पासून तिचा सुळसुळाट आहे. कधी 'मी रोबोट नाही' असं सिद्ध करायचं निमित्त असतं, कधी बिघडलेला ब्राउझर दुरुस्त करायचं. अँटिव्हायरस अनेकदा अडवत नाही, कारण संशयास्पद फाइल डाउनलोड झालेलीच नसते. विंडोजचाच एक प्रोग्रॅम आपण आपल्या हाताने चालवलेला असतो.

उतरतो तो चोरप्रोग्रॅम संगणक बंद पाडत नाही की पडद्यावर कवटी दाखवत नाही. ब्राउझरमधले पासवर्ड आणि कुकीज गोळा करतो, पाठवून देतो, आणि अशा प्रोग्रॅमपैकी काही तर मागे मागमूसही ठेवत नाहीत. कुकीज म्हणजे 'ही व्यक्ती आधीच लॉगिन झालेली आहे' अशी ब्राउझरजवळची चिठ्ठी. चिठ्ठीच चोरल्यावर पासवर्ड कोण विचारणार आणि कोड कशाला लागणार? दोन टप्प्यांची सुरक्षा अशी बाजूला राहते. 'लुमा' हा याच जातीचा एक कुप्रसिद्ध प्रोग्रॅम. मे २०२५ मध्ये मायक्रोसॉफ्टने त्याच्याविरुद्ध कारवाई केली तेव्हा १६ मार्च ते १६ मे या दोन महिन्यांत ३ लाख ९४ हजारांहून जास्त विंडोज संगणकांना त्याची लागण झाल्याचं जाहीर केलं होतं.

सावरण्याचं काम कंटाळवाणं आहे, पण क्रम महत्त्वाचा. ज्या संगणकावर कमांड चालली तो आधी इंटरनेटवरून तोडा. त्याच्यावर बसून पासवर्ड बदलू नका, नवीन पासवर्डही त्याच वाटेने जाईल. दुसऱ्या स्वच्छ यंत्रावरून पहिल्यांदा ईमेल सोडवा, कारण बाकी सगळ्या खात्यांच्या किल्ल्या तिथे येतात. नुसता पासवर्ड बदलून भागत नाही, 'सगळीकडून साइन आउट' करा. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात सगळी डिव्हायसेस एकदम काढून टाकायची सोय स्टीम गार्डच्या सेटिंगमध्ये आहे, आणि आपल्या नावावर कुणी एपीआय की (दुसऱ्या प्रोग्रॅमला आपल्या खात्यात काम करू देणारी किल्ली) बनवून ठेवलेली नाही ना तेही बघा. आपल्या नावे मेसेज गेलेल्या प्रत्येकाला फोन करा. शेवटी विंडोज नव्याने टाका, आणि त्यासाठीचा पेनड्राइव्हही दुसऱ्या संगणकावर बनवा. मला ईमेल आणि गेमचं खातं परत मिळालं. खरेदीच्या पावत्या जपून ठेवलेल्या होत्या म्हणून मिळालं. वस्तू गेल्या त्या गेल्याच.

आता मूळ प्रश्नाचं सरळ उत्तर, म्हणजे कुणाच्या खाजगी मेसेजची वाट बघायला नको. माइनक्राफ्ट जावात पहिल्या स्क्रीनच्या डाव्या खालच्या कोपऱ्यात, बेडरॉकमध्ये उजव्या. जावात खेळता खेळता एफ ३ दाबलं तरी वर डावीकडे पहिल्याच ओळीत व्हर्जन येतं, मॉड टाकलेले असतील तर त्याचा उल्लेखही. लाँचरमध्ये प्लेच्या शेजारी कोणतं इन्स्टॉलेशन निवडलंय तेही बघा. एकाच संगणकावर पाच व्हर्जन्स सुखाने नांदू शकतात, त्यामुळे 'कोणतं बसलंय' यापेक्षा 'कोणतं चालू होतंय' हा प्रश्न खरा.

स्टीमवर गेमच्या नावावर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा, अपडेट्समध्ये बिल्ड आयडी असतो. हा स्टीमचा स्वतःचा क्रमांक आहे, गेम बनवणाऱ्यांच्या १.६ वगैरे आकड्याशी त्याचा मेळ लागेलच असं नाही, तेव्हा मदत मागताना दोन्ही सांगा. तिथेच बेटाज म्हणून भाग आहे. मित्राकडचं आणि आपलं व्हर्जन विनाकारण वेगळं दिसत असेल तर कुणीतरी बेटा, म्हणजे चाचणीची, शाखा निवडलेली असते, हे फार वेळा होतं.

गेम उघडतच नसेल तर त्याच्या फोल्डरमधल्या मुख्य ईएक्सई फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिटेल्स. स्कायरिम स्पेशल एडिशन हा गेम खेळणारे हे रोज करतात, कारण तिथे १.५.९७ आणि १.६.११७० यांना मॉडसाठी वेगवेगळे स्क्रिप्ट एक्स्टेंडर (मॉडना लागणारे पूरक प्रोग्रॅम) लागतात. त्याच खिडकीत डिजिटल सिग्नेचर्सचा टॅब असेल तर फाइलवर कुणाची सही आहे तेही दिसतं. काही गेम मात्र डिटेल्समध्ये काहीच नीट भरत नाहीत, मग त्यांच्या मेनूतच शोधावं लागतं.

रन वापरायला बंदी नाही. जे टाकायचं ते हाताने टाइप करा आणि चौकटीत मावेल एवढंच असू द्या. एखाद्या पानाने आपल्याला न दाखवता क्लिपबोर्डवर (कॉपी केलेलं साठतं त्या जागी) ठेवलेली गोष्ट आधी नोटपॅडमध्ये चिकटवून पूर्ण बघावी.

मी हे सांगितल्यावर गटातल्या एकाने याचाच दुसरा प्रकार सांगितला. त्याला कुणीतरी म्हणालं होतं, "तुझं डॉट माइनक्राफ्ट फोल्डर झिप करून पाठव, मी व्हर्जन बघून सांगतो." गेमच्या त्या फोल्डरमध्ये लाँचर अकाउंट्स नावाची फाइल असते आणि तिच्यात लॉगिनची माहिती असते, म्हणजे मागणारा व्हर्जनसाठी मागतच नसतो. त्याने पाठवलं नाही. मॉडवाले मदत करताना खरोखर लॉग, म्हणजे गेमने ठेवलेली कामाची नोंद, मागतात, ती मागणी रास्त असते. लॉग्स फोल्डरमधली लेटेस्ट नावाची फाइल उघडा, सुरुवातीच्या ओळींत व्हर्जन आणि फोर्ज-फॅब्रिकचा आकडा सापडेल, तेवढ्याच ओळी ग्रुपवर सगळ्यांसमोर चिकटवा. खाजगीत नको. समोरचा खाजगीतच हवं म्हणून अडून बसला तर ब्लॉक करा आणि ग्रुप चालवणाऱ्यांना कळवा. मला मेसेज करणाऱ्याचं खातं त्यांनी त्याच दिवशी काढून टाकलं, आणि ते खातंही मूळचं दुसऱ्याच कुणाचं निघालं.