मूकपटातून बोलपटाकडे: फ्रॉइंड बघावा की वाग्नर?

सिनेमाला आवाज आला तेव्हा कॅमेऱ्याचं काय झालं, हे एकाच छायालेखकाच्या कामातून बघायचं असेल तर जर्मनीतली दोन नावं समोर येतात: कार्ल फ्रॉइंड आणि फ्रित्झ आर्नो वाग्नर. दोघांनीही मुर्नाउ आणि फ्रित्झ लांग या दोन्ही दिग्दर्शकांबरोबर काम केलेलं. वेळ थोडाच असेल तर कोणाला निवडावं?

नाव फ्रॉइंडचं मोठं. 'द लास्ट लाफ'साठी (१९२४) त्याने कॅमेरा चक्क छातीला बांधला आणि तोल राहावा म्हणून बॅटऱ्या पाठीवर घेतल्या. त्या मूकपटात मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्या जवळजवळ नाहीतच. पुढे 'मेट्रोपोलिस' (१९२७) आणि १९२९ साली अमेरिका. तिथल्या 'ड्रॅक्युला'मध्ये (१९३१) किल्ल्यातली सुरुवात बघावी अशी आहे, पण नंतर पात्रं दिवाणखान्यात उभी राहून बोलत राहतात आणि कॅमेरा मुकाट ऐकतो. 'द गुड अर्थ'ला (१९३७) त्याला ऑस्कर मिळालं. १९५१ पासून 'आय लव्ह लुसी' या टीव्ही मालिकेत त्याने प्रेक्षकांसमोर तीन कॅमेरे एकदम चालवले आणि तिन्ही कोनांना चालेल अशी प्रकाशयोजना बसवली. कारकीर्द म्हणून याला तोड नाही. मात्र त्यात देश, स्टुडिओ, माध्यम असं सगळंच बदलत गेल्यामुळे आवाजाने नेमकं काय केलं हे वेगळं काढता येत नाही.

वाग्नरचं तसं नाही. तो जर्मनीतच राहिला (नाझी काळातही तिथेच काम करत राहिला, हे विसरू नये). 'नोस्फेराटू'मध्ये (१९२२) खरे किल्ले, खऱ्या गल्ल्या आणि भिंतीवर चढत जाणारी पिशाच्चाची ती सावली. आठ वर्षांनी दिग्दर्शक पाब्स्टचा पहिला बोलपट, युद्धावरचा 'वेस्टफ्रंट १९१८' (१९३०). त्या काळी कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये जाऊ नये म्हणून त्याला बंद खोक्यात कोंडत, त्यामुळे तो जागचा हलेना. तरीही इथे तो खंदकांच्या कडेने सरकतो. एका खुन्याच्या शोधावरच्या 'एम'मध्ये (१९३१) तर लांगने बरेच भाग चक्क मूकच ठेवले. भिकाऱ्यांच्या अड्ड्यात कॅमेरा टेबलांवरून फिरत वर जातो आणि खिडकीतून आत शिरतो, तो शॉट दोनदा बघा. खुनी दिसण्याआधी त्याची सावली दिसते. 'नोस्फेराटू' लगेच आठवतो.

म्हणून माझं मत वाग्नरला. हे तीन चित्रपट याच क्रमाने बघा. फ्रॉइंड नंतर सावकाश बघता येईल, त्याला पुष्कळ वेळ लागतो.

सबटायटल्स वाचायचा कंटाळा असेल तर म्युनिकचा छायालेखक जोसेफ विर्शिंग आहेच: १९२५ च्या मूक 'प्रेम संन्यास'साठी भारतात आला, मग मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये 'अछूत कन्या' (१९३६), पुढे 'महल' (१९४९) आणि 'पाकीझा'. तो स्वतंत्र लेखाचा विषय.

'एम'ची प्रत निवडताना एवढं बघा. ध्वनिपट्टी फिल्मच्या कडेला छापली जाऊ लागली तेव्हा चित्राची रुंदी घटली आणि चौकट १.१९:१ झाली, जवळजवळ चौरस. जुन्या प्रतींत पडदा भरण्यासाठी वरखाली कापलेलं असतं. अशी प्रत घेतलीत तर वाग्नरची निम्मी मांडणी हातची जाते.